अमेरिकेतला देशांतर्गत विमानप्रवास: रिअल आयडी कुणी काढावं, कुणाला गरज नाही आणि कागदं कुठे अडतात

प्रश्न थोडक्यात असा आहे. नवरा एच-१बी या नोकरीच्या व्हिसावर, बायको एच-४ या त्याच्या जोडीदाराच्या व्हिसावर, दोघं न्यू जर्सीत राहतात. दोघांच्या लायसन्सवर चांदणी नाही, म्हणजे ती रिअल आयडी (केंद्राच्या निकषांनुसार राज्याने दिलेलं लायसन्स किंवा आयडी कार्ड) नाहीत. जुलैत सासू-सासरे साताऱ्याहून व्हिजिटर व्हिसावर येणार आणि चौघांनी मिळून विमानाने सॅन फ्रान्सिस्कोला नणंदेकडे जायचं ठरतंय. "आता रिअल आयडीशिवाय विमानात बसू देत नाहीत म्हणे. चौघांची कार्डं काढायची का? काढायची तर कशी?" असं बायकोने विचारलं आहे. इमिग्रेशन वकिलांच्या ऑफिसात कागदपत्रं तयार करायचं काम मी बरीच वर्षं करते आहे आणि हाच प्रश्न थोड्याफार फरकाने सतत येतो. म्हणून जरा सविस्तर लिहिते.

सरळ उत्तर आधी देते. या प्रवासासाठी तुमच्यापैकी कुणालाही रिअल आयडीची सक्ती नाही. चौघांकडेही मुदतीतला भारतीय पासपोर्ट आहे. विमानतळावर सुरक्षा तपासणी करणारी टीएसए जी ओळखपत्रं मान्य करते, त्यांत परदेशी सरकारने दिलेला पासपोर्ट आहे. ग्रीन कार्ड आणि ईएडी, म्हणजे कामाच्या परवान्याचं कार्ड, हेही आहे. व्हॉट्सअॅपवर नियम अर्धाच फिरतो. पूर्ण नियम असा की, विमानतळावर राज्याचं लायसन्स किंवा राज्याचं आयडी कार्ड दाखवणार असाल, तर ते रिअल आयडी असायला हवं. पासपोर्ट दाखवणार असाल तर लायसन्सवर चांदणी आहे की नाही हे कुणी बघत नाही.

हा नियम आला कुठून तेही सांगते, म्हणजे काउंटरवर इतके कागद का मागतात ते कळेल. ११ सप्टेंबर २००१ च्या हल्ल्यांची चौकशी करणाऱ्या आयोगाने २००४ मध्ये अहवाल दिला आणि लायसन्ससारखी ओळखपत्रं देण्याचे निकष केंद्र सरकारने ठरवावेत अशी शिफारस केली. त्यातून २००५ मध्ये रिअल आयडी कायदा झाला. अंमल २००८ पासून व्हायचा होता, पण राज्यांची तयारी नव्हती, काहींचा विरोध होता, पुढे कोविड आला. तारीख इतक्या वेळा पुढे गेली की लोकांनी मनावर घेणंच सोडलं. अखेर ७ मे २०२५ पासून विमानतळावर तो लागू झाला. कार्ड राज्यच देतं, पण माणूस कोण, कुठे राहतो आणि या देशात कायदेशीर राहतो का, हे मूळ कागद बघून आणि केंद्राच्या नोंदींशी ताडून मगच देतं. असं ताडलेल्या कार्डाच्या वरच्या कोपऱ्यात चांदणी असते. कॅलिफोर्नियात अस्वलाच्या चित्रात चांदणी असते. न ताडलेल्या कार्डावर 'फेडरल लिमिट्स अप्लाय' किंवा 'नॉट फॉर रिअल आयडी पर्पजेस' अशा अर्थाची ओळ छापतात. त्या कार्डावर गाडी चालवता येते, दवाखान्यात आणि बँकेत ते चालतं. अडतं ते विमानतळावर आणि काही केंद्र सरकारी इमारतींत.

मग तुम्ही दोघांनी काढावं का? माझं मत, काढावं. घाई मात्र नको. कारण पासपोर्टचंच आहे. दर वेळी देशातल्या देशात फिरताना पासपोर्ट बरोबर नेला आणि तो हरवला, तर नुसता पासपोर्ट जात नाही, त्यातला व्हिसाही जातो. पासपोर्ट कॉन्सुलेटकडून इथे नवा मिळतो, पण हरवलेला व्हिसा अमेरिकेत राहून बदलून मिळत नाही. पुढच्या वेळी देशाबाहेर गेलात की परत येण्याआधी पुन्हा स्टॅम्पिंग करावं लागतं, म्हणजे पासपोर्टवर नवा व्हिसा घ्यावा लागतो. स्टॅम्पिंगची तारीख मिळवताना आपल्या लोकांचे किती हाल होतात हे मी रोज पाहते. खिशात चांदणीचं लायसन्स असेल तर पासपोर्ट घरी कुलपात राहतो.

इथेच एक गोष्ट ठळकपणे सांगायला हवी. रिअल आयडी हा तुमच्या इमिग्रेशन स्टेटसचा पुरावा नाही. अठरा वर्षांवरच्या परदेशी नागरिकाने आपल्या नोंदणीचा पुरावा कायम जवळ बाळगावा असा इथला जुना कायदा आहे, आणि २०२५ पासून सरकार त्यावर पुन्हा भर देत आहे. ग्रीन कार्डवाल्यांनी ग्रीन कार्ड, ईएडीवाल्यांनी ईएडी आणि तुम्ही दोघांनी आय-९४ची, म्हणजे देशातल्या प्रवेशाच्या आणि मुक्कामाच्या मुदतीच्या नोंदीची, छापील प्रत बॅगेत ठेवायलाच हवी. पासपोर्टच्या पहिल्या पानाची आणि व्हिसाच्या पानाची झेरॉक्सही त्याबरोबर असू द्या. चांदणी मिळाली म्हणून हे कागद घरी ठेवू नका.

आता अडतं कुठे ते. लोकांना वाटतं की कागद कमी पडतात. माझा अनुभव असा की कागद असतात, त्यांच्यावरची नावं जुळत नाहीत. आणि यात आपल्या मराठी माणसांची अडचण खास आहे, कारण आपलं नाव तीन पदरी असतं: स्वतःचं, वडिलांचं किंवा नवऱ्याचं, आणि आडनाव. पासपोर्टवर 'गिव्हन नेम'च्या रकान्यात पहिली दोन नावं एकत्र येतात. समजा, पासपोर्टवर गिव्हन नेम 'मृणाल अमित' आणि सरनेम 'देशपांडे' आहे. आय-९४वर बहुधा तसंच येतं. सोशल सिक्युरिटीचा अर्ज भरताना कुणीतरी 'अमित'ला मिडल नेम केलेलं असतं किंवा गाळलेलं असतं. लायसन्सवर 'मृणाल ए. देशपांडे' होतं. माणसाला ही एकच बाई आहे हे दिसतं. पण काउंटरवरचा कारकून सोशल सिक्युरिटी नंबर त्या खात्याच्या नोंदीशी आणि स्टेटस 'सेव्ह' नावाच्या केंद्रीय प्रणालीतून ताडतो, आणि तिथे अक्षरं जुळावी लागतात.

लग्नानंतर नाव बदललेल्यांचं काम याहून अवघड. इतर बऱ्याच समाजांत बाईचं आडनाव तेवढं बदलतं. आपल्याकडे मधलं नाव बदलतं, आडनाव बदलतं आणि कित्येक घरांत अजूनही पहिलं नावसुद्धा बदलतं. माहेरची वैशाली दत्तात्रय जोशी सासरी मृणाल अमित देशपांडे झाली, तर जन्मदाखला आणि पासपोर्ट यांत एकही शब्द समान उरत नाही. इथलं ऑफिस विचारतं की हा दुवा दाखवा. महापालिकेचा किंवा ग्रामपंचायतीचा विवाह नोंदणीचा दाखला दाखवला तर त्यात वैशाली जोशीचं लग्न अमित देशपांडेशी झालं एवढंच असतं. त्यावरून आडनावाचा बदल लावून घेता येतो. वैशालीची मृणाल कशी झाली हे त्या कागदात कुठेच नसतं. ते महाराष्ट्र शासनाच्या राजपत्रातल्या नावबदलाच्या जाहिरातीत असतं, आणि राजपत्र इथल्या काउंटरवर प्रत्येक ठिकाणी मान्य होईल याची खात्री धरू नये.

म्हणून मी सगळ्यांना एकच सांगते: पासपोर्टला मूळ धरा आणि बाकी सगळे कागद त्याच्याशी जुळवा. पासपोर्ट आणि व्हिसा दोन्ही सासरच्या नावावर असतील तर इथे ओळखीचा कागद म्हणून तोच चालतो. जन्मदाखला काढूच नका, कुणी मागितल्याशिवाय दाखवू नका. पासपोर्ट माहेरच्या नावावर असेल तर कार्डही माहेरच्याच नावावर घ्या. लायसन्सवर सासरचं आडनाव यावं म्हणून विवाहाचा दाखला पुढे केलात आणि ते मिळालंही, तर पुढे तिकीट, पासपोर्ट, आय-९४ आणि लायसन्स यांत दोन नावं होऊन बसतात. नाव बदलायचंच असेल तर सुरुवात भारतीय पासपोर्टपासून करा, शेवट लायसन्सने. दाखला नुसता मराठीत असेल तर प्रमाणित इंग्रजी भाषांतर जोडा.

सोशल सिक्युरिटीच्या नोंदीत नाव चुकलं असेल तर ते आधी दुरुस्त करा. एसएस-५ नावाचा अर्ज असतो, फी नसते. दुरुस्ती झाल्यावर लगेच त्याच दुपारी मोटार व्हेइकल ऑफिसात धावू नका, नोंद सगळीकडे दिसायला एक-दोन दिवस द्या. आय-९४वर विमानतळावरच्या अधिकाऱ्याकडून चूक झाली असेल तर सीबीपी या सीमा तपासणी खात्याच्या डिफर्ड इन्स्पेक्शन ऑफिसात ती दुरुस्त करून मिळते. तुमचं आय-९४ एच-१बीच्या मुदतवाढीबरोबर आय-७९७ या मंजुरीच्या नोटिशीच्या खालच्या भागात आलं असेल आणि त्यात चूक असेल, तर ती यूएससीआयएस या इमिग्रेशन खात्याकडे कळवायची.

पासपोर्टवर सरनेमचा रकाना रिकामा सोडलेले लोकही येतात, जुन्या पासपोर्टांत हे बरंच दिसतं. त्यांच्या व्हिसावर सगळं नाव सरनेममध्ये जातं आणि पहिल्या नावाच्या जागी 'एफएनयू' येतं, म्हणजे पहिलं नाव माहीत नाही. तेच मग लायसन्सवर छापलं जातं आणि हे एफएनयू कोण असा प्रश्न घर भाड्याने घेण्यापासून विमानापर्यंत सगळीकडे येतो. सासू-सासऱ्यांचे पासपोर्ट अजून नूतनीकरणाचे असतील तर साताऱ्यातच नाव आणि आडनाव वेगवेगळ्या रकान्यांत नीट लिहून घ्या. व्हिसा छापून झाल्यावर हे निस्तरणं फार जिकिरीचं होतं.

तारखांचंही पाहा. तुम्हा दोघांना मिळेल ते 'लिमिटेड टर्म' कार्ड. तुमच्या मुक्कामाची मुदत जेवढी, तेवढीच त्या कार्डाची. इथे एक गोष्ट लोकांच्या लक्षात येत नाही. पासपोर्ट लवकर संपणार असेल तर विमानतळावरचा अधिकारी आय-९४ पासपोर्टच्या तारखेपर्यंतच देतो, मग एच-१बीची मंजुरी आणखी दोन वर्षांची असली तरीही. त्या तोकड्या आय-९४वर कार्ड काढलं तर तेही तोकडंच निघतं, आणि फी व खेटे पुन्हा. आय-९४ सीबीपीच्या संकेतस्थळावरून स्वतः उतरवून घेता येतं. प्रत्येक भारतवारीनंतर ते उतरवा आणि तारीख वाचा. नवऱ्याच्या मुदतवाढीचा अर्ज पुढच्या दोन-तीन महिन्यांत जायचा असेल, तर मंजुरी येईपर्यंत थांबून मग कार्ड काढलेलं बरं. एफ-१ या विद्यार्थी व्हिसावरच्या मुलांच्या आय-९४वर तारखेऐवजी 'डी/एस' (शिक्षण चालू असेपर्यंत मुक्काम) असू शकतं, त्यांनी कॉलेजने दिलेलं आय-२० बरोबर न्यावं. ग्रीन कार्डवाल्यांना मात्र या मुदतीची काळजी नाही, त्यांना पूर्ण मुदतीचं कार्ड मिळतं.

एच-४वर असल्यामुळे तुमच्यापुढे दोन अडचणी खास येतील. पहिली सोशल सिक्युरिटी नंबरची. ईएडी नसेल तर नंबर नाही, आणि नंबर नाही म्हणून रिअल आयडी नाही असं अनेक जणी धरून चालतात. तसं नाही. पासपोर्ट, व्हिसा आणि आय-९४वर अर्ज करणाऱ्याने नंबर द्यावा किंवा आपल्याला कामाची परवानगी नाही हे दाखवावं, अशी केंद्राच्या नियमात सोय आहे. त्यासाठी बहुतेक ठिकाणी सोशल सिक्युरिटी ऑफिसचं 'नंबर मिळण्यास पात्र नाही' असं पत्र चालतं. ऑफिसात जाऊन ते मागून घ्या.

दुसरी अडचण पत्त्याची. रिअल आयडीसाठी राहत्या पत्त्याचे दोन पुरावे लागतात, पोस्ट बॉक्स चालत नाही. आणि घरातलं वीजबिल, गॅसबिल, इंटरनेट, भाडेकरार, सगळं नवऱ्याच्या नावावर! एकटीच्या नावाचा एकही कागद नाही अशी अवस्था आपल्या कितीतरी मुलींची असते, आणि ती फक्त लायसन्सच्या वेळी उघडी पडते. हे आजच बदला. भाडेकरारावर तुमचं नाव भाडेकरू म्हणून घालून घ्या, नुसतं 'ऑक्युपंट' म्हणून नको. बँकेत जोड खातं असू द्या, त्याचं स्टेटमेंट तुमच्या नावाने येऊ द्या. एखादं बिल तुमच्या नावावर करून घ्या. काही राज्यं विवाहाचा दाखला आणि नवऱ्याचे कागद मिळून चालवून घेतात, पण तुमच्या नावाचा कागद तुमच्याकडे असणं इतर शंभर कामांसाठीही गरजेचं आहे. बिलं किती जुनी चालतात हे राज्याच्या यादीत दिलेलं असतं, ते वाचून ताजीच न्या.

न्यू जर्सीत ओळखीचे कागद सहा पॉइंट भरतील असे न्यायचे असतात. मोटार व्हेइकल कमिशनच्या संकेतस्थळावर कागद निवडून पॉइंट मोजता येतात, तिथे आपली यादी तयार करून छापून न्या. सगळे कागद मूळ न्या, झेरॉक्स नको. पासपोर्ट नवा आणि व्हिसा जुन्या पासपोर्टात असेल तर दोन्ही न्या. व्हिसाच्या शिक्क्याची मुदत संपली असेल पण आय-९४ चालू असेल, तर तुमच्या राज्याच्या यादीत याबद्दल काय लिहिलंय ते अपॉइंटमेंटआधी पाहा आणि मुदतवाढीचं आय-७९७ जवळ ठेवा. भारतातून नुकतेच आला असाल तर आठवडा-दहा दिवस जाऊ द्या, नोंदी प्रणालीत बसायला वेळ लागतो. 'सेव्ह'मधून लगेच उत्तर आलं नाही तर कारकून अर्ज पुढच्या तपासणीला पाठवतो. यात तुमचा काही दोष असेलच असं नाही, आणि तिथे वाद घालून काही होत नाही. केस नंबर मागून घ्या, 'सेव्ह केसचेक'वर ती कुठवर आली ते घरी बसून बघता येतं.

काम झालं की बहुतेक राज्यांत कागदी तात्पुरतं लायसन्स हातात देतात आणि खरं कार्ड पोस्टाने येतं. हे कागदी लायसन्स टीएसए ओळखपत्र म्हणून मान्य करत नाही. प्रवास पुढच्या आठवड्यात आणि कार्ड वाटेत, असं झालं तर पासपोर्ट घेऊन जा.

नागरिक झालेल्यांसाठी थोडक्यात. तुमच्याकडे अमेरिकन पासपोर्ट आहे, तो विमानतळावर पुरेसा आहे. तो सारखा न्यायचा नसेल तर पासपोर्ट कार्ड काढा, ते पाकिटात मावतं आणि देशांतर्गत विमानाला चालतं. ओसीआय कार्ड (परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना भारत सरकार देतं ते) इथल्या तपासणीत ओळखपत्र म्हणून कामाचं नाही. टीएसए प्रीचेक (आधी नोंदणी करून जलद तपासणीची सोय) असल्याने ओळखपत्राची गरज टळत नाही. ग्लोबल एंट्रीचं (परदेशातून येताना जलद प्रवेशाच्या सोयीचं) कार्ड मात्र ओळखपत्र म्हणून चालतं. शपथविधीच्या वेळी नाव बदलून घेतलं असेल, तर नॅचरलायझेशन सर्टिफिकेटच नावबदलाचा पुरावा होतो. आधी सोशल सिक्युरिटी, मग लायसन्स, हाच क्रम ठेवा.

आता सासू-सासरे. त्यांच्यासाठी कुठलंही कार्ड काढायच्या मागे लागू नका. काही महिन्यांसाठी आलेल्यांना त्याची गरज नाही. त्यांचा पासपोर्ट हेच त्यांचं ओळखपत्र. आधार, पॅन, भारतातलं लायसन्स यांतलं काहीही इथे चालणार नाही, ते बॅगेच्या तळाशी राहू दे. तिकीट काढताना पासपोर्टवर आहे तसंच नाव भरा: सासूबाईंच्या तिकिटावर फर्स्ट नेममध्ये त्यांचं स्वतःचं आणि सासऱ्यांचं नाव दोन्ही, लास्ट नेममध्ये आडनाव. बोर्डिंग पासवर दोन्ही नावं जोडून एक लांबलचक शब्द छापून आला तर घाबरू नका, विमान कंपन्यांच्या प्रणालीत तसंच होतं. जन्मतारीख मात्र दोनदा तपासा. आपण दिवस आधी लिहितो, इथे महिना आधी लिहितात, आणि ३ जूनचं ६ मार्च व्हायला वेळ लागत नाही. घरातल्या अठरा वर्षांखालच्या मुलांकडे देशांतर्गत प्रवासात टीएसए ओळखपत्र मागत नाही.

परतीच्या प्रवासात ते दोघंच येणार असतील आणि नणंदेला त्यांना गेटपर्यंत सोडायचं असेल, तर विमान कंपनीच्या काउंटरवर एस्कॉर्ट पास मागता येतो. द्यायचा की नाही हे कंपनी ठरवते. पास मिळाला तरी तिलाही त्याच तपासणीतून जावं लागतं, म्हणून तिच्याकडेही मान्य ओळखपत्र हवं. लोक आई-वडिलांचे पासपोर्ट तीनदा तपासतात आणि स्वतः चांदणी नसलेलं लायसन्स घेऊन येतात.

त्यांना नायगारा दाखवायचा विचार असेल तर अमेरिकेच्या बाजूनेच बघा. रिअल आयडीवर कुणालाच सीमा ओलांडता येत नाही, आणि भारतीय पासपोर्टवर कॅनडात जायला कॅनडाचा वेगळा व्हिसा लागतो. यूएस व्हर्जिन आयलंड्सला कुणी जाणार असेल तर तिथून परतताना विमानतळावर इमिग्रेशनची तपासणी होते. तिथे पासपोर्ट आणि आय-९४ दोन्ही न्यायलाच हवेत.

शेवटी, कुणाकडे काहीच मान्य ओळखपत्र नसेल तर काय? १ फेब्रुवारी २०२६ पासून टीएसएने 'कन्फर्म आयडी' नावाची सोय केली आहे. ४५ डॉलर भरायचे, मग ते दुसऱ्या मार्गाने ओळख पटवायचा प्रयत्न करतात. एकदा भरलेली रक्कम १० दिवसांच्या प्रवासाला चालते. ओळख पटेलच याची हमी नाही, वेळही जास्त लागतो, आणि पटली नाही तर विमान सुटतं. पासपोर्ट घरी विसरलेल्या माणसासाठी ती सोय आहे. दर माणशी ४५ डॉलर मोजून तिच्या भरवशावर निघू नका. जुलैच्या प्रवासाला चौघांचे पासपोर्ट आणि चौघांच्या आय-९४च्या ताज्या प्रती न्या. तुमच्या दोघांच्या कार्डांचं काम परत आल्यावर, नावं आणि पत्ता नीट लावून, सावकाश करा.